नॉन-बीटीची पुडी: महाराष्ट्रातल्या गुलाबी बोंडअळीचं प्रकरण

2017 च्या दिवाळीनंतर विदर्भ आणि मराठवाड्यातल्या कापूसपट्ट्यात उभ्या पऱ्हाटीत, म्हणजे कापसाच्या झाडांत, जनावरं सोडली गेली. काहींनी रोटाव्हेटर फिरवला. लांबून बघणाऱ्याला हे कळलंच नसतं, कारण पीक दिसायला चांगलं होतं. झाडं उंच, पानं हिरवी, बोंडं भरपूर. पण वेचणीला गेलेल्या बाया मधूनच परत येत होत्या. दिवसभरात निम्माही कापूस निघत नव्हता आणि निघाला तो कवडी, म्हणजे डागाळलेला, खराब. राज्यात त्या खरिपात सुमारे 42 लाख हेक्टरवर कापूस होता आणि जवळजवळ सगळा बीटी, म्हणजे बोंडअळीला मारणारं विष झाडातच तयार व्हावं म्हणून जिवाणूचं जनुक घातलेला. म्हणजे ज्या अळीसाठी जादा पैसे मोजून बियाणं घेतलं, तीच अळी बोंडात बसली होती.

त्या वर्षीचं हिरवं बोंड चिरून पाहिलं की गोष्ट उघड व्हायची. चार-पाच कप्प्यांपैकी एक-दोन कप्पे सडके, रुई पिवळट आणि चिकटलेली, सरकी पोखरलेली आणि आत अर्ध्या इंचाची, तपकिरी डोक्याची, अंगावर गुलाबी पट्टे असलेली अळी. वरून बोंडाला भोक नाही. अंड्यातून निघालेली अळी इतकी बारीक असते की ती आत शिरल्यावर शिरकावाची जागा भरून येते. त्याआधी ती फुलात असेल तर पाकळ्या आतून जाळ्याने बांधून टाकते. फूल उमलतच नाही, गुलाबाच्या कळीसारखं मिटून राहतं. कापूस उत्पादक त्याला डोमकळी म्हणतात. डोमकळ्या दिसल्या तेव्हाच वेचून जाळल्या तर पुढचं बरंच टळतं. पण बीटी लावल्यावर डोमकळी शोधत शेतात फिरायची सवय पंधरा वर्षांत मोडली होती.

जनुक-अभियांत्रिकीच्या वादात हे प्रकरण दोन्ही बाजू वापरतात. एक म्हणते, बीटी फसलं. दुसरी म्हणते, बियाण्यात दोष नव्हता, शेतकऱ्यांनी नियम पाळले नाहीत. मला दोन्ही अपुरं वाटतं. जनुकाने काम केलं. ते वापरायच्या ज्या अटी मंजुरीच्या कागदावर होत्या, त्या आपल्या शेतात पाळल्या जाणार नाहीत हे पहिल्या दिवसापासून दिसत होतं आणि तरीही सगळ्यांनी त्या पाळल्या जातील असं धरून व्यवहार चालू ठेवला.

मंजुरी कशाला होती

26 मार्च 2002 ला केंद्राच्या जनुकीय अभियांत्रिकी मान्यता समितीने, म्हणजे जीईएसीने, जालन्याच्या महिको या बियाणं कंपनीच्या तीन संकरित वाणांना परवानगी दिली. बॅसिलस थुरिंजिएन्सिस या मातीतल्या जिवाणूचं क्राय-1-एसी हे जनुक त्यात होतं. आधीच्या वर्षी गुजरातमध्ये नवभारत-151 नावाचं वाण विनापरवाना हजारो एकरांवर सापडलं होतं. त्यात हेच जनुक होतं. समितीने ते पीक जाळायचा आदेश दिला, पण तोवर कापूस बाजारात गेलेला. देशातलं पहिलं जनुकीय पीक असं मागच्या दाराने आलं, हे लक्षात ठेवण्यासारखं आहे, कारण पुढे हाच प्रकार पुन्हा घडला.

खाण्याच्या सुरक्षेचा प्रश्न इथे तुलनेने सोपा. कापूस कोणी खात नाही असं आपण म्हणतो, पण सरकीचं तेल फरसाणात असतं आणि सरकीची पेंड गोठ्यात. म्हणजे बीटी पिकाशी आपला खाण्याचा संबंध दोन दशकांपासून आहे. क्राय प्रथिन अळीच्या अल्कधर्मी आतड्यात सक्रिय होतं आणि तिथल्या विशिष्ट ग्राहकांना चिकटून आतड्याला भोकं पाडतं. माणसाच्या आम्लधर्मी जठरात ते इतर प्रथिनांसारखं पचतं, आणि ते ग्राहक आपल्याकडे नाहीत. शुद्ध केलेल्या तेलात तर प्रथिन जवळपास राहतच नाही. वांग्याच्या बाबतीत हीच चर्चा पुढे फार तापली. जयराम रमेश यांनी 9 फेब्रुवारी 2010 ला बीटी वांग्याला स्थगिती दिली ती आजही उठलेली नाही, आणि शेजारच्या बांगलादेशाने 2013 मध्ये त्याला परवानगी दिली. त्या वादात मी इथे शिरत नाही. कापसाच्या प्रकरणात जे बिघडलं ते ताटात बिघडलं नव्हतं.

क्राय-1-एसी मुख्यतः हिरव्या अमेरिकन बोंडअळीसाठी होतं. नव्वदच्या दशकात याच अळीने शेतकऱ्याला पायरेथ्रॉइड कीटकनाशकांच्या फवारण्यांनी कंगाल केलं होतं. तिच्यावर आणि ठिपक्यांच्या बोंडअळीवर बीटीचा परिणाम चांगला झाला. सुरुवातीच्या काही वर्षांत बोंडअळीवरचा फवारणीचा खर्च खरोखर घटला. देशाचं रुईचं सरासरी उत्पादन 2007-08 मध्ये हेक्टरी साडेपाचशे किलोच्या आसपास गेलं. त्यात सिंचन, खतं आणि नव्या कीटकनाशकांचाही वाटा होता, पण बीटीचा वाटा नाकारण्यात अर्थ नाही. ज्याने 1997-98 चा हंगाम पाहिलाय त्याला विचारा.

2006 मध्ये दुसरं जनुक, क्राय-2-एबी, घालून बोलगार्ड-2 आलं. दोन विषं एकत्र असली की दोन्हींना एकदम पचवणारी अळी निपजणं अवघड, असा हिशेब होता. 2010 मध्ये ही जनुकं विकणाऱ्या खुद्द मोन्सॅन्टो कंपनीनेच जाहीर केलं की गुजरातच्या अमरेली, भावनगर, जुनागढ आणि राजकोट जिल्ह्यांत गुलाबी अळी पहिल्या जनुकाला दाद देत नाही. म्हणजे बोलगार्ड-2 चे दोन पाय म्हणावेत तर एक आधीच अधू होता. पुढची चार-पाच वर्षं दुसऱ्याच्या भरवशावर गेली. 2014-15 च्या सुमारास तोही गेला. नागपूरच्या केंद्रीय कापूस संशोधन संस्थेचे तेव्हाचे संचालक केशव क्रांती हे जाहीरपणे सांगत होते. म्हणजे 2017 चा तडाखा अचानक आलेला नाही.

पाकिटातली दुसरी पुडी

मंजुरीची मुख्य अट अशी होती: बीटीच्या भोवती नॉन-बीटी कापसाच्या पाच ओळी किंवा एकूण क्षेत्राच्या 20 टक्के, यातलं जे जास्त ते. त्यासाठी 450 ग्रॅम बीटी बियाण्याबरोबर 120 ग्रॅम नॉन-बीटीची वेगळी पुडी पाकिटात यायची. गावात तिला रेफ्युजी म्हणत किंवा नुसतं नॉन-बीटी.

यामागचं तर्कशास्त्र पक्कं आहे. बीटी पचवू शकणाऱ्या अळ्या सुरुवातीला लाखात एखाद-दोन असतात. सगळं शेत बीटी असेल तर फक्त त्याच वाचतात, आपसांत जोडी जमवतात आणि त्यांची सगळी पिल्लं बीटी पचवणारी निघतात. शेजारी नॉन-बीटी असेल तर तिथे वाढलेले हजारो साधे पतंग त्या एखाद-दुसऱ्याशी जोडी जमवतात. प्रतिकाराचा गुण बहुतांशी अप्रभावी, म्हणजे आई आणि बाप दोघांकडून आला तरच पूर्ण उतरणारा. त्यामुळे मिश्र पिल्लं बीटी खाऊन मरतात. थोडक्यात, शेतकऱ्याने पीक वाचवायला थोडं पीक अळीला द्यायचं.

आता ही अट तीन एकरवाल्याच्या बांधावर नेऊन पाहा. पाचातली एक ओळ अळीला सोडायची. तिच्यावर वेगळा खर्च, निंदणी, डवरणी. फायदा कोणाचा? सगळ्या तालुक्याचा, तोही दहा वर्षांनी. शेजाऱ्याने पुडी फेकली तर माझ्या ओळीचा उपयोग जवळजवळ शून्य. पुडीतल्या बियाण्याविषयीही तक्रारी होत्या: उगवण कमी, वाण वेगळं, फुलोरा पुढेमागे. फुलोऱ्याची वेळ जुळली नाही तर दोन्हीकडचे पतंग एका वेळी बाहेर येणार नाहीत आणि सगळी योजनाच बाद. बहुतेक पुड्या बांधावर गेल्या, काही नांग्या, म्हणजे न उगवलेल्या जागा, भरायला वापरल्या, काही घराच्या फळीवर पडून राहिल्या. तपासायला कोणी आलं नाही. कृषी सहाय्यकाकडे चार-पाच गावं, त्यात हे काम कुठल्याच रकान्यात नव्हतं.

पुढे तुरीचं बी रेफ्युजी म्हणून चालेल अशी मुभा आली. शेतकऱ्याला ते पटण्यासारखं होतं, कारण कापसात तुरीची ओळ तो तसाही टाकतो. अमेरिकन बोंडअळी तुरीवरही जगते, तिच्यासाठी हे ठीक होतं. गुलाबी अळी मात्र जवळपास कापसावरच जगते, तुरीवर ती वाढत नाही. म्हणजे जी अळी पुढे घात करणार होती तिच्यासाठी त्या ओळीचा उपयोग नव्हता. कागदावर अट मात्र पूर्ण.

संकरित वाण आणि लांबलेला हंगाम

अमेरिका, ऑस्ट्रेलिया, चीन इथे बीटी कापूस बहुतेक सरळ वाणांत, म्हणजे बी राखून पुन्हा पेरता येणाऱ्या वाणांत, आहे. भारतात तो संकरित वाणांत आला. कंपन्यांच्या दृष्टीने कारण उघड आहे: संकरिताचं बी घरी राखून पुढच्या वर्षी पेरता येत नाही, दरवर्षी पाकीट घ्यावं लागतं. पण याचा एक जैविक परिणाम झाला, त्याची चर्चा फार उशिरा झाली.

संकरित झाडात बीटी जनुक साधारणतः एकाच पालकाकडून आलेलं असतं. त्या झाडाच्या बोंडात जी सरकी धरते ती पुढची पिढी, आणि तिच्यात मेंडेलचा हिशेब लागतो. एका जनुकाच्या बाबतीत चारातल्या तीन सरक्यांत विष, एकीत नाही. दोन जनुकं असतील तर सोळातल्या नऊ सरक्यांत दोन्ही, तीनमध्ये पहिलं, तीनमध्ये दुसरं आणि एकीत काहीच नाही. गुलाबी अळी राहते कुठे? सरकीतच. एकाच बोंडात तिला पूर्ण विष, अर्धं विष आणि बिनविषाची सरकी शेजारी-शेजारी मिळते. अर्धवट प्रतिकाराची अळी अशा ठिकाणी जगून जाते आणि प्रतिकाराचा गुण झपाट्याने पसरतो. क्रांती यांनी हा मुद्दा जोराने मांडला होता. पानं खाणाऱ्या अळीला हा प्रश्न येत नाही, कारण पान त्याच झाडाचं असतं.

चीनच्या यांगत्से खोऱ्यात याच मेंडेलने उलट काम केलं. तिथल्या शेतकऱ्यांनी स्वस्त पडतं म्हणून संकरिताच्या दुसऱ्या पिढीचं बी पेरलं. त्यातली चौथाई झाडं आपोआप नॉन-बीटी निघाली आणि साऱ्या शेतभर रेफ्युजी विखुरली गेली. गुलाबी अळीचा प्रतिकार तिथे वाढायचा थांबून उतरला. कोणी ठरवून केलेलं नव्हतं.

दुसरी गोष्ट हंगामाची. आपले संकरित वाण 160-180 दिवस आणि पाणी असलं तर त्याहून पुढे चालतात. 110 दिवसांनंतर झाडातलं विषाचं प्रमाण घटू लागतं, आणि नेमकी तेव्हाच गुलाबी अळीची खरी वेळ सुरू होते. त्यात फरदड. डिसेंबरात दोन पाणी देऊन पुन्हा बहर घ्यायचा, मार्चपर्यंत वेचायचं. शेतकऱ्याला यात पैसे दिसतात आणि ते खरेही असतात: नांगरणी नाही, बियाणं नाही, वर चार क्विंटल. अळीला मात्र थंडीभर घर मिळतं. हंगाम संपत आला की ती दोन सरक्या एकमेकींना चिकटवून त्यांच्या मधोमध झोपून जाते. जिनिंगच्या आवारातल्या सरकीच्या ढिगात, घरामागे रचलेल्या पऱ्हाट्यांच्या वाळक्या बोंडांत ती मे-जूनपर्यंत निवांत राहते. पाऊस पडला की पतंग निघतात, आणि मे महिन्यात ठिबकवर लावलेल्या कापसाला तेव्हा पाती लागलेली असतात.

त्याच हंगामातली फवारणी

2017 च्या पावसाळ्यातच यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक माणसं दगावली आणि शेकडो रुग्णालयांत दाखल झाली. त्यातले बरेच शेतमजूर. याचा दोष थेट बीटीवर टाकणं चूक ठरेल. त्या काळातली बरीच फवारणी तुडतुडे, फुलकिडे, पांढरी माशी यांच्यावर होती आणि बीटी या किडींवर चालतच नाही. पण डोक्याइतकी वाढलेली दाट पऱ्हाटी, पाठीवरचा पंप, दोन-तीन कीटकनाशकं एकाच टाकीत आणि उकाड्यात उघडं अंग, हे सगळं रसशोषक किडींना बळी पडणाऱ्या, भरमसाठ वाढणाऱ्या संकरितांच्या शेतीतूनच आलं होतं. बीटीमुळे फवारणी कमी होईल हे सांगताना कोणत्या किडीची, किती वर्षं, हे पाकिटावर कुठे लिहिलेलं नव्हतं.

डिसेंबर 2017 मध्ये नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात कृषिमंत्री पांडुरंग फुंडकर यांनी मदत जाहीर केली: कोरडवाहूला हेक्टरी 30,800 रुपये, बागायतीला 37,500. आकडा मोठा वाटतो. त्याची फोड पाहिली की वेगळं कळतं. आपत्ती निवारणातून 6,800 किंवा 13,500, पीकविम्याचे 8,000 आणि उरलेले 16,000 बियाणं कंपन्यांकडून. या शेवटच्या रकमेसाठी महाराष्ट्र कापूस बियाणे अधिनियम 2009 खाली शेतकऱ्याने ‘जी’ अर्ज भरायचा, सोबत बियाण्याचं बिल आणि पाकीट जोडायचं. जूनमध्ये फाडलेलं पाकीट डिसेंबरात कोणाकडे असतं? कंपन्यांनी बचाव मांडला की बियाणं सदोष नव्हतं, त्यात जनुकं होती आणि चालूही होती, अळी बदलली. कायद्याच्या भाषेत त्यांचा मुद्दा अगदीच पोकळ नव्हता. बियाणे कायदा उगवण आणि शुद्धता मोजतो. किडीत प्रतिकार निपजला तर जबाबदार कोण, हा रकानाच त्यात नाही.

तीच अळी, ॲरिझोना

तुलना केल्याशिवाय या प्रकरणाचा निकाल लागत नाही. गुलाबी अळी अमेरिकेच्या ॲरिझोनातही होती आणि तिथे बीटी कापूस 1996 मध्ये आला. जनुकं तीच. तिथल्या शेतकऱ्यांनी पहिली दहा वर्षं रेफ्युजी मोठ्या प्रमाणात पाळली. शेतं शेकडो एकरांची, उत्पादक थोडे, तपासणी होणारी. 2006 पासून नॉन-बीटीच्या जागी विमानातून वंध्य केलेले पतंग सोडले गेले, अब्जांच्या संख्येत. ओळखू यावेत म्हणून खाद्यातून रंग घालून वाढवलेले. हंगाम संपला की पऱ्हाटी ठरलेल्या तारखेच्या आत गाडणं सक्तीचं. ऑक्टोबर 2018 मध्ये अमेरिकेने जाहीर केलं की गुलाबी अळीचं तिथून निर्मूलन झालं. म्हणजे आपल्याकडे जनावरं पिकात सोडली गेली त्याच्या पुढच्याच वर्षी.

यावरून आपले शेतकरी बेशिस्त आणि तिकडचे शिस्तीचे असा अर्थ काढणाऱ्यांचा मला राग येतो. ॲरिझोनात शिस्तीचा खर्च उत्पादक, सरकार आणि कंपनी यांनी वाटून घेतला होता. इथे तो 120 ग्रॅमच्या पुडीत बांधून एकट्या शेतकऱ्याच्या हातात दिला, वर स्वामित्वशुल्कही, म्हणजे जनुक वापरण्याचे कंपनीचे पैसे, त्याच्याकडूनच घेतलं.

त्यानंतर

वेगळ्या पुडीची पद्धत अखेर सुटली. आता नॉन-बीटी बी त्याच पाकिटात मिसळून येतं, 450 ग्रॅमचं पाकीट 475 ग्रॅमचं झालं आहे. गुलाबी अळीसाठी ही रीत बरी, कारण ती एका बोंडातून दुसऱ्या झाडावर फारशी भटकत नाही. पण प्रतिकार सर्वत्र पसरल्यावर मोजके साधे पतंग त्याला किती उतरवणार, याबद्दल मला फार आशा नाही. 2020 मध्ये बोलगार्ड-2 चं स्वामित्वशुल्क शून्यावर आलं. किंमत नियंत्रणाची बाकी कारणं काहीही असोत, गुलाबी अळीपुरतं ते शून्य चुकीचं म्हणता येत नाही.

खरा फरक साध्या गोष्टींनी पडला. मादीच्या गंधाने नर पतंग ओढणारे हेक्टरी पाच कामगंध सापळे, सलग तीन रात्री सापळ्यामागे आठ पतंग दिसले की उपाय. डोमकळ्या वेचणं. दर आठवड्याला वीस हिरवी बोंडं चिरून पाहणं, त्यातल्या दोनात अळी निघाली तरच फवारणी. अळीची अंडी नष्ट करणाऱ्या मित्रकीटकाची ट्रायकोकार्ड, निंबोळी अर्क. नर पतंगाला भुलवून मादी सापडू न देणाऱ्या गंधाच्या दोऱ्या पऱ्हाटीला बांधणं. जूनपूर्वी लागवड होऊ नये म्हणून बियाण्याच्या विक्रीवर बंधन. डिसेंबरअखेर पऱ्हाटी काढणं. यातली एकही गोष्ट जनुक-अभियांत्रिकीची नाही आणि सगळ्या 2002 मध्येही माहीत होत्या. 2018 मध्ये मोहीम लागली आणि नुकसान बरंच आटोक्यात राहिलं. फरदडीचं मात्र अजून जमलेलं नाही. जानेवारीत भाव चढा असला आणि विहिरीला पाणी असलं की तारखेचा आग्रह कोणी ऐकत नाही, आणि त्या चार क्विंटलची भरपाई द्यायची तयारीही कोणी दाखवलेली नाही. 2021 मध्ये पंजाबात भटिंडा-मानसा भागात ही अळी पसरली तेव्हा तिथेही जिनिंगला आलेल्या बाहेरच्या सरकीकडे बोट दाखवलं गेलं.

मधल्या काळात चोर बीटी आलं. तणनाशक सहन करणारा, परवानगी नसलेला कापूस, बिनबिलाच्या पाकिटात. 10 जून 2019 ला शेतकरी संघटनेने अकोट तालुक्यात तो उघडपणे लावून सत्याग्रह केला, तेव्हा पर्यावरण संरक्षण कायद्याखाली पाच वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंडाची तरतूद होती. निंदणीला मजूर मिळत नाही, मिळाला तर परवडत नाही, ही त्यांची अडचण खोटी नाही. मंजुरी अडवून ठेवली की बियाणं थांबत नाही, हे गुजरातने 2001 मध्येच दाखवलं होतं. पण संघटनेच्या मागणीशी माझं एक भांडण आहे. चोर पाकिटात नॉन-बीटी बी नाही. त्यात बोंडअळीचं कुठलं जनुक किती आहे, ते विकणाऱ्यालाही माहीत नाही. आणि ग्लायफोसेट हे तणनाशक वर्षामागून वर्षं त्याच शेतात मारलं की तणही गुलाबी अळीच्याच वाटेने जातं. याच तणनाशकाचा वापर केंद्राने 2022 मध्ये परवानाधारक फवारणीचालकांपुरता मर्यादित केला, आणि खेड्यात असा चालक सापडणं कठीण.

महिकोने तणनाशक-सहनशील बोलगार्ड-2 चा अर्ज 2016 मध्ये मागे घेतला होता. या किंवा दुसऱ्या कुठल्या जनुकाची फाइल समितीपुढे येईल तेव्हा ॲलर्जी, विषारीपणा, परागकणांचा प्रवास यांचे अहवाल तिला जोडलेले असतीलच. ते लागतातच. त्यांच्या जोडीला मला आणखी चार कागद हवेत. वाण सरळ की संकरित आणि किती दिवसांचं. रेफ्युजीच्या ओळीचा खर्च कोण देणार. प्रतिकार मोजायला दरवर्षी कोणत्या तालुक्यांतून अळ्या गोळा होणार आणि त्याचा निकाल जूनच्या आत गावात कोण सांगणार. आणि प्रतिकार दिसला तर त्या तालुक्यातली विक्री कोणाच्या सहीने थांबणार. 2010 मध्ये गुजरातचा निकाल हाती होता, आणि तशी सही करण्याचं काम तेव्हा कोणाकडेच नव्हतं.